दारावर डकवलेला कागद

(कुरुद, भिलाई येथे झालेल्या स्मृतिव्याख्यानाचं मुद्रित रूप)



ज्यांच्या स्मरणार्थ आपण आज जमलो आहोत, त्या आमच्या वकीलसाहेबांच्या टेबलावर एक जाड काच होती आणि काचेखाली एक कागद. तिथं लोक देवाचा फोटो ठेवतात, नाहीतर सनद. साहेबांनी ठेवली होती सायक्लोस्टाइल केलेली एक नोटीस. दुर्गच्या कोर्टात मी त्यांच्या हाताखाली उमेदवारीला लागलो त्याच्या दुसऱ्या पावसाळ्यात ती तिथं आली, आणि साहेब गेले तेव्हाही तिथंच होती. चारही कोपऱ्यांना भाताची खळ वाळून खपली धरलेली. मधला मजकूर पाण्यानं फुटलेला. वाचता येत होत्या तीनच गोष्टी. वर लिहिलं होतं 'कब्जाधारी'. नाव नाही, नवऱ्याचं नाही, बापाचं नाही, घराचा नंबर नाही. मध्ये 'शासकीय भूमि'. आणि खाली सुनावणीची तारीख.

ती तारीख रविवारची होती.

हा कागद घेऊन कुरुदची एक बाई आली होती. चौकटीवरून तो अलगद सोडवायला तिनं ओला फडका वापरला होता, म्हणून शाई पसरलेली. बरोबर बिस्किटांचा पत्र्याचा डबा. डब्यात रेशनकार्ड, विजेची बिलं, समेकित कराच्या दोन पावत्या, मुलाचा शाळेचा दाखला आणि का कुणास ठाऊक, एका लग्नाची पत्रिका. तिनं कागद पुढं केला आणि विचारलं, "का लिखे हे येमा?" यात काय लिहिलंय? साहेबांनी वाचला, भिंतीवरच्या कॅलेंडरकडे पाहिलं, आणि माझ्याकडे वळून म्हणाले, "लिहून घे. पहिला मुद्दा, रविवार."

मी तेव्हा नवा होतो. मला वाटलं, साहेब चेष्टा करताहेत. जमीन कुणाची, सातबारा कुठाय, इथल्या भाषेत खसरा आणि बी-१ काय म्हणतो, हा पहिला मुद्दा असणार. रविवार हा काय मुद्दा झाला? आज तुमच्यापुढे जे बोलणार आहे ते सगळं त्या रविवाराचं स्पष्टीकरण आहे असं समजा.

आधी एक खुलासा. रायपुरात कुणाला 'कुरुद' म्हटलं की त्याला धमतरीकडचं कुरुद आठवतं. मोठं आहे, स्टेशनचं आहे. आपलं कुरुद म्हणजे कोहक्याच्या शेजारचं, महापालिकेच्या हद्दीत आलेलं गाव. इथल्या एका वस्तीचं नावच 'ढांचा भवन' आहे. ढांचा म्हणजे सांगाडा. माणसं राहतात, चुली पेटतात, मुलं शाळेला जातात, आणि पत्त्यात अजून सांगाडाच. जागेचं नाव लोकांच्या संसारापेक्षा चिवट असतं याचं याहून बोलकं उदाहरण मला ठाऊक नाही.

आता शब्दांकडे येतो, कारण अर्धी लढाई शब्दांची असते. मराठीत 'कब्जा' म्हटला की मनात गुन्हाच येतो. कुणीतरी कुणाचं तरी बळकावलं. पण वकिलाच्या लेखी ताबा म्हणजे ताबा. तो मालकाचा असेल, भाडेकरूचा असेल, मुदत संपलेल्या भाडेकरूचा असेल, नाहीतर निव्वळ घुसखोराचा. मालकी हा त्यानंतरचा प्रश्न. आणि दुसरा शब्द 'बेदखली'. पुण्यामुंबईचे वकीलमित्र 'निष्कासन' म्हणतात. छत्तीसगडात हयात घालवल्यामुळे मला 'बेदखली'च जवळचा वाटतो, आणि त्याला एक आपलं मराठी कारणही आहे. हिंदीत दखल म्हणजे ताबा. मराठीत दखल म्हणजे लक्ष देणं, नोंद घेणं. त्या नोटिशीवर नाव नव्हतं. घरातून काढण्याआधीच त्या बाईला मराठी अर्थानंही बेदखल केलेलं होतं.

ही 'शासकीय भूमि' झाली कशी, हे थोडक्यात सांगतो. आपल्याकडच्या बऱ्याचशा भांडणांची मुळं तिथं आहेत. भोसल्यांच्या काळापासून आणि मग इंग्रजांच्या बंदोबस्तात इथं गावोगाव मालगुजार होते. पडीक, चराई, तळी, आबादी सगळं त्यांच्या खाती. लोकांना निस्तार होता, म्हणजे गुरं चारायचा, लाकूडफाटा न्यायचा, तळ्याचं पाणी वापरायचा रिवाजाचा हक्क. मध्यप्रदेशाचा मालकी हक्क निर्मूलनाचा कायदा १९५०चा, आणि ३१ मार्च १९५१ला एका रात्रीत हे सगळं सरकारजमा झालं. पुढं चार वर्षांत, फेब्रुवारी १९५५मध्ये, सोव्हिएत संघाशी करार झाला आणि पोलाद कारखान्यासाठी गावांची गावं संपादित झाली. ४ फेब्रुवारी १९५९ला राष्ट्रपती राजेंद्रबाबूंच्या हस्ते पहिली झोतभट्टी सुरू झाली. भट्टी बांधायला आलेल्या मजुरांच्या राहुट्या होत्या, त्यांचे कॅम्प-१ आणि कॅम्प-२ झाले. आजही ती नावं तशीच आहेत, राहुट्या जाऊन स्लॅब पडले तरी. मग साडा, म्हणजे विशेष क्षेत्र विकास प्राधिकरण, आली, साडाच्या जागी महापालिका आली, २०००मध्ये राज्यच बदललं. प्रत्येक बदलात कागद एका दप्तरातून दुसऱ्या दप्तरात गेले. काही गेले, काही नाही गेले. जमिनीचा एखादा तुकडा कारखान्याचा, महसुलाचा की पालिकेचा, याचं उत्तर कोणत्या खिडकीवर विचारता त्यावर अवलंबून राहिलं. आपण ज्याला 'विवादित सार्वजनिक मालमत्ता' म्हणतो तिच्यातला विवाद पुष्कळदा झोपडीवाल्यानं आणलेला नसतो. तो दप्तरांतच असतो. झोपडीवाला त्या फटीत राहायला येतो, इतकंच.

तर आता कायदा. साहेब नेहमी दोन निकाल तोंडपाठ सांगायचे, आणि दोन्हींत सरकार हरलेलं होतं.

पहिला मुंबई उच्च न्यायालयाचा, १९५४चा. मुख्य न्यायमूर्ती छागला. मुद्दा असा होता की सरकारी जागेतल्या भाडेकरूची मुदत संपली, तर मालक म्हणून सरकार त्याला हाताला धरून बाहेर काढू शकतं का? छागलांनी सांगितलं, नाही. इंग्लंडात मालकाला तशी मुभा असेल, आपल्याकडे मुदत संपलेल्या भाडेकरूचा ताबाही कायदा ओळखतो. काढायचं तर कायद्याच्या वाटेनं काढा.

दुसरा सर्वोच्च न्यायालयाचा, १९६१चा, पंजाबातल्या बरनाळ्याचा. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला एका व्यापाऱ्यानं रेल्वे स्टेशनजवळच्या सरकारी जमिनीवर परवानगीनं धर्मशाळा, देऊळ आणि काही दुकानं बांधली. तो वारल्यावर अधिकाऱ्यांनी, पोलीस बरोबर घेऊन, कुटुंबाचा ताबा उठवला. सरकारचं म्हणणं सोपं होतं. जमीन आमची, धर्मशाळा लोकांची, हे कोण? पाच न्यायमूर्तींच्या पीठानं म्हटलं की जमीन तुमची असेलही, पण ज्यानं सद्भावनेनं, परवानगीनं बांधलं आणि वर्षानुवर्षं सांभाळलं, त्याला नुसत्या कार्यकारी हुकमानं उठवता येत नाही. हे कायद्याच्या राज्याच्या मुळावर येतं, असे कडक शब्द त्या निकालात आहेत. 'बिशन दास' या नावानं तो ओळखला जातो. नव्या वकिलांनी तो मुळातून वाचावा, फार लांब नाही.

या दोन्हींतलं सूत्र एकच आहे. कायदा कब्जेदाराला मालक करत नाही. तो इतकंच म्हणतो की तू मालक आहेस की नाही हे ठरवायचं काम तुला बाहेर काढणाऱ्याच्या हाती नाही. आधी निवाडा, मग हातोडा.

आता एक अडचण सांगतो, कारण व्याख्यानात नुसती गोड बाजू सांगून घरी पाठवणं मला पटत नाही. एखाद्या खासगी माणसानं तुम्हाला जबरदस्तीनं उठवलं, तर विशिष्ट अनुतोष कायदा, १९६३, याच्या कलम ६खाली सहा महिन्यांच्या आत दावा लावून ताबा परत मागता येतो. मालकी सिद्ध करायची गरज नाही. नुसतं एवढंच, की मी तिथं होतो आणि मला कायद्याबाहेर काढलं. फार सुंदर कलम आहे. पण त्याच्याच पोटात एक वाक्य आहे, की असा दावा सरकारविरुद्ध लावता येणार नाही. म्हणजे ज्याच्याजवळ सगळ्यात जास्त बळ, त्यालाच या कलमातून सूट. मग राहतो मालकी हक्काचा लांबलचक दावा, त्याआधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८०ची दोन महिन्यांची नोटीस, तातडी असेल तर कोर्टाच्या परवानगीनं ती नोटीस टाळणं, आणि नाहीतर बिलासपूरला उच्च न्यायालयात रिट. हातावर पोट असलेल्या माणसाला बिलासपूर किती लांब आहे हे अंतराच्या पाटीवरून कळत नाही.

सरकारनंही आपली सोय बघितली. १९६७ साली सर्वोच्च न्यायालयानं चंदीगडच्या एका हॉटेलच्या प्रकरणात म्हटलं की एकाला दाव्यानं काढायचं आणि दुसऱ्याला झटपट मार्गानं, हे सरकारच्या मर्जीवर ठेवता येणार नाही. समानता कुठं राहिली? त्यावर संसदेनं १९७१चा सार्वजनिक परिसराचा कायदा केला आणि दिवाणी कोर्टाचा रस्ताच बंद करून टाकला. आता सगळ्यांना सारखीच वागणूक, झटपट! १९७४ साली मुंबई महापालिकेच्या कायद्यावरून सात न्यायमूर्तींनी तो १९६७चा निकालही बाजूला सारला. विनोद वाटेल, पण घडलं ते असं.

भिलाईकरांना हा १९७१चा कायदा रोजच्या व्यवहारात भेटतो. केंद्र सरकारचं निम्म्याहून जास्त भागभांडवल असलेल्या कंपनीची जागा त्यात 'सार्वजनिक परिसर' ठरते. म्हणून सेक्टरमधलं क्वार्टर, त्याच्या मागचं आउटहाउस, कारखान्याच्या जमिनीवरची टपरी, सगळं एस्टेट ऑफिसरपुढं जातं. लोक त्याला 'एस्टेट कोर्ट' म्हणतात. ते कोर्ट नव्हे. तिथं बसणारा अधिकारी जागेच्या मालकाचाच नोकर असतो. मालकाच्या माणसानंच मालकाच्या तक्रारीचा निवाडा करायचा, ही व्यवस्था न्यायालयांनी मान्य केली आहे, मला ती आजही खुपते. पण कायद्यानं त्या अधिकाऱ्याला काही गोष्टी बांधून दिल्या आहेत. नोटिशीत कारण लिहावं लागतं. म्हणणं मांडायची, पुरावा द्यायची संधी द्यावी लागते. हुकमात कारणं नोंदवावी लागतात. आणि त्यावर जिल्हा न्यायाधीशाकडे अपील आहे, मुदत फक्त बारा दिवस. बारा! बाहेरगावी लग्नाला गेलेला माणूस परत येईपर्यंत ती संपते. मुंबईतल्या एका विमा कंपनीच्या जागेवरून २००७ साली सर्वोच्च न्यायालयानं हेही सांगितलं, की आधी जागेच्या मालकानं आपली बाजू पुराव्यानं मांडायची, मग रहिवाशानं. एस्टेट ऑफिसरपुढं उभं राहिल्यावर पहिलं वाक्य हेच म्हणायचं असतं. बहुतेक जण पहिलं वाक्य म्हणतात, "साहेब, चूक झाली, थोडी मुदत द्या."

राज्याच्या जमिनीसाठी वेगळी दारं आहेत. भू-राजस्व संहितेच्या कलम २४८खाली तहसीलदार, आणि १९७४चा राज्याचा लोक परिसर बेदखली अधिनियम. कलम २४८मध्ये तहसीलदाराला थोडक्यात उठवायचा अधिकार आहे. 'थोडक्यात' हा शब्द तिथल्या बाबूंना फार आवडतो. ते त्याचा अर्थ 'न ऐकता' असा लावतात.

या 'थोडक्यात'ला लगाम घालणारा निकाल एका मराठी माणसानं लिहिला आहे. १९८२, आंध्र प्रदेश सरकार विरुद्ध थुम्मला कृष्ण राव, सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड. हैदराबादजवळच्या हब्सीगुड्याची जमीन, उस्मानिया विद्यापीठासाठी संपादित झालेली असं सरकारचं म्हणणं. विद्यापीठानं आधी दिवाणी दावा लावला होता आणि तो मुदतीच्या मुद्द्यावर हरलं होतं. समोरच्याचा ताबा बरीच वर्षं जुना होता. मग विद्यापीठानं सरकारला गाठलं आणि सरकारनं अतिक्रमणाच्या कायद्याखाली तहसीलदारामार्फत झटपट उठवायला घेतलं. चंद्रचूडांनी तिथं जे सांगितलं ते प्रत्येक तहसील कचेरीत चौकटीत लावावं असं आहे. मालकीबद्दल खराखुरा वाद असेल, तर सरकारनं स्वतःच्याच बाजूनं एकतर्फी निकाल देऊन टाकायचा आणि त्या निकालाच्या जोरावर झटपट बेदखली करायची, हे चालणार नाही. दिवाणी कोर्टात या. माणूस किती वर्षं बसलाय याला इथं महत्त्व येतं. काल रात्री ठोकलेल्या खांबाला वाद म्हणत नाहीत. पण तीन पिढ्यांचा ताबा असेल तर वाद खरा आहे असं मानायला जागा असते.

इथं एक सावधगिरीची सूचना. लोक मला सांगतात, "वकीलसाहेब, तीस वर्षं झाली, आता जागा आमची." सरकारविरुद्ध प्रतिकूल ताब्याची मुदत तीस वर्षं आहे हे खरं. जुन्या कायद्यात साठ होती. पण त्यासाठी 'ही जागा माझी आहे, तुझी नाही' अशा भावनेनं उघड राहावं लागतं. आणि आपण सगळे काय करतो? दर निवडणुकीला पट्ट्यासाठी अर्ज करतो. पट्टा मागितला की जागा सरकारची हे आपणच लिहून दिलं. म्हणजे हक्क मागायला जावं तर हक्क जातो. अर्ज करू नका असं मी म्हणत नाही. पट्टा मिळणं हे प्रतिकूल ताब्याच्या स्वप्नापेक्षा शंभर पटींनी बरं. अविभाजित मध्यप्रदेशानं १९८४ साली कायदाच केला होता, की १० एप्रिल १९८४ला शहरात सरकारी जमिनीवर राहत असलेल्या भूमिहीनाला पन्नास चौरस मीटरपर्यंत पट्टा. माझं म्हणणं एवढंच, की आपण कोणत्या दोरीला लोंबकळतोय हे ठाऊक असावं.

आता मुंबईची ती गोष्ट. ती आपल्याला माहीत असते असं आपल्याला वाटतं, म्हणून जरा सावकाश सांगतो. १३ जुलै १९८१. मुख्यमंत्री अंतुले यांनी जाहीर केलं की फुटपाथवर राहणाऱ्यांना हटवून त्यांच्या त्यांच्या गावी पाठवायचं. भर पावसाळा. दहा दिवसांनी झोपडी पाडून सेलमच्या बसमध्ये कोंबलेला एक मजूर यावरून सर्वोच्च न्यायालयात गेलेल्या खटल्यात अर्जदार होता. दुष्काळात काम नाही म्हणून १९६१ साली तो मुंबईला आला होता. बायकोमुलींना सेलमला ठेवून तो पुन्हा मुंबईत परतला, कारण काम मुंबईतच होतं. पत्रकार ऑल्गा टेलिस याही अर्जदार होत्या, त्यांच्या नावानं खटला गाजला. मुंबई महापालिकेच्या १८८८च्या कायद्यातलं कलम ३१४ म्हणत होतं की रस्त्यावरचं अतिक्रमण आयुक्त नोटीस न देता काढू शकतात.

निकाल १० जुलै १९८५ला लागला. पुन्हा चंद्रचूडच, पाच न्यायमूर्तींचं पीठ. जगण्याच्या हक्कात पोट भरायचा हक्क आला, हे वाक्य सगळ्यांना पाठ आहे. वकिलाला त्याहून महत्त्वाचं आहे ते कलम ३१४चं वाचन. न्यायालय म्हणालं, कलम वैध आहे, पण 'नोटीस न देता काढू शकतात' याचा अर्थ 'नोटीस न देताच काढायचं' असा नाही. नोटीस हा नियम, ती न देणं हा अपवाद, आणि अपवाद का केला हे दाखवायची जबाबदारी अधिकाऱ्याची. ज्याचं घर जाणार त्याचं ऐकून घ्यायचं, ते ऐकण्यानं निकाल बदलेल म्हणूनच नव्हे. ऐकून घेणं ही स्वतंत्र किमतीची गोष्ट आहे.

आणि मग? मग फुटपाथवाले हरले. अतिक्रमण ते अतिक्रमणच, काढावं लागेल, असंच न्यायालयानं ठरवलं. इतकंच की पावसाळा संपेपर्यंत, ३१ ऑक्टोबर १९८५पर्यंत हात लावायचा नाही, आणि १९७६च्या गणनेचं कार्ड असलेल्यांना पर्यायी जागा द्यायची. माझी एक जुनी तक्रार आहे. आयुक्तांनी लोकांचं ऐकायला हवं होतं, पण आम्ही इथं सर्वोच्च न्यायालयात सगळं ऐकलंच आहे, तेव्हा पुन्हा ऐकायची गरज नाही, असं म्हणून न्यायालयानं ती सुनावणी तिथंच संपवली. हजारो झोपड्यांची एक सुनावणी, दिल्लीत. घराघराचं काय वेगळं होतं ते कुणी विचारलं? साहेब या निकालाला 'हरलेल्यांचा विजय' म्हणायचे. मी 'अर्धा' हा शब्द पुढं जोडतो.

दुसरी बाजू सांगितल्याशिवाय पुढं जाणं अप्रामाणिक ठरेल. आपल्या दुर्ग जिल्ह्यातल्या धमध्याबद्दल 'छै आगर छै कोरी' तळी असं म्हणतात. सहा विसे एकशेवीस, वर सहा, म्हणजे एकशेसव्वीस. ती गावाची होती. अशा तळ्यांच्या काठानं भराव घालत जाणारा माणूस सहसा पत्र्याच्या डब्यात कागद ठेवणारा नसतो. त्याच्याकडे ट्रॅक्टर असतो, आणि पुष्कळदा नगरसेवकही. २८ जानेवारी २०११ला सर्वोच्च न्यायालयानं पटियाळ्याजवळच्या रोहड़ जागीर गावातल्या तळ्याच्या प्रकरणात सगळ्या राज्यांना सांगितलं की गावाच्या सामायिक जमिनी मोकळ्या करा, कितीही वर्षांचा आणि कितीही पैशांचा कब्जा असो. मला तो निकाल पटतो. पण तो नीट वाचा. त्या कठोर निकालातही नोटीस आणि छोटीशी का होईना सुनावणी आहेच. शिवाय भूमिहीन मजुरांना, दलित-आदिवासींना दिलेल्या पट्ट्यांसाठी आणि शाळा-दवाखान्यांसाठी खिडकी उघडी ठेवली आहे. आमच्याकडे होतं असं, की निकालाचा दाखला तळं बुजवणाऱ्याला लावला जात नाही, तळ्याकाठच्या झोपडीला लावला जातो.

याच बाजूचं गोव्याचं एक प्रकरण आहे, बहीणभावातलं, २०१२चं. घराची देखभाल करायला ठेवलेला माणूस मालकच होऊन बसू बघतो, अशांना न्यायालयानं तिथं चांगलंच फटकारलं. पक्षकारांचं म्हणणं कोर्टानं एकदा ऐकलं की कायद्याची प्रक्रिया पार पडली, त्यासाठी वेगळा दावा लावायची गरज नाही, असंही म्हटलं. बरोबरच आहे. प्रक्रिया म्हणजे अनंतकाळ चालणारी तारीख नव्हे. कब्जेदारांच्या काही वकिलांना हे सांगावं लागतं, आणि मी ते माझ्या बार रूममध्ये सांगतोही.

अलीकडचं सांगतो. १३ नोव्हेंबर २०२४ला न्यायमूर्ती भूषण गवई आणि न्यायमूर्ती विश्वनाथन यांनी सर्वोच्च न्यायालयात बुलडोझरनं घरं पाडण्याबद्दलचा निकाल दिला. गवई आपल्या अमरावतीचे. पंधरा दिवसांची नोटीस, रजिस्टर्ड पोस्टानं आणि घरावर चिकटवूनही, जिल्हाधिकाऱ्याला त्याच वेळी ई-मेल, म्हणजे मागची तारीख टाकून नोटीस दाखवता येणार नाही. प्रत्यक्ष सुनावणी, कारणांसह हुकूम, हुकमानंतर पुन्हा पंधरा दिवस, पाडताना व्हिडिओ, आणि नियम मोडणाऱ्या अधिकाऱ्याच्या खिशातून भरपाई. वाचून बरं वाटतं. पण त्याच निकालात एक अपवाद आहे. रस्ता, गल्ली, फुटपाथ, रेल्वेलाइनच्या कडेची जागा, नदी नाहीतर तळं, इथल्या बांधकामांना हे निर्देश लागू नाहीत. आता मला सांगा, गरीब माणूस राहतो कुठं? याच यादीत.

इथं वकिलाचं काम सुरू होतं. काही पालिकांचे वकील हल्ली सांगतात की या जागांवर आता नोटीस लागतच नाही. हे खोटं आहे. निकाल म्हणतो, 'हे निर्देश' लागू नाहीत. मग काय लागू आहे? १९८५चा पाच न्यायमूर्तींचा निकाल, जो दिलाच गेला फुटपाथबद्दल! दोघांच्या पीठानं पाचांचं पुसलं जात नाही. पंधरा दिवस नसतील, ई-मेल नसेल, पण नोटीस आणि म्हणणं मांडायची संधी उरतेच. नवे वकील नवे निकाल वाचतात आणि जुने कपाटात राहतात, म्हणून मुद्दाम सांगतो.

आणि निकाल पोचतो किती? मार्च २०२५मध्ये नागपुरात दंगल झाली. त्यानंतर त्यातल्या आरोपींच्या कुटुंबांच्या घरांवर पालिकेनं यंत्रं घातली. २४ मार्चला उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठानं स्थगिती दिली, तोवर एक घर भुईसपाट झालं होतं. पुढं पालिका आयुक्तांनी न्यायालयात बिनशर्त माफी मागितली. कारण काय दिलं? सर्वोच्च न्यायालयाच्या त्या निर्देशांची कल्पनाच नव्हती. निकाल लागून चार महिने उलटून गेले होते. फडका ओला करून नोटीस सोडवणाऱ्या बाईनं 'मला माहीत नव्हतं' म्हटलं, तर आम्ही तिला काय सांगतो? कायद्याचं अज्ञान हा बचाव नव्हे.

तर तो रविवार.

साहेबांनी तिच्या अर्जात जमिनीबद्दल एक अक्षर लिहिलं नाही. जमीन कुणाची, ते त्यांना त्या दिवशी ठाऊक नव्हतं, आणि ज्या कचेरीनं कागद डकवला तिलाही ठाऊक होतं असं मला वाटत नाही. अर्जात तीन मुद्दे होते. नोटीस कुणाला आहे ते कळत नाही. कोणत्या खसऱ्याबद्दल आहे ते कळत नाही. आणि सुनावणीच्या दिवशी कचेरीला कुलूप असतं, म्हणजे सुनावणी द्यायचा इरादाच नव्हता. त्या रविवारी आम्ही दोघं आणि ती बाई खरोखर त्या कचेरीच्या फाटकाशी गेलो. साहेबांनी चौकीदाराला विनंती करून अर्जाच्या प्रतीवर वेळ लिहून सही घेतली. साडेअकरा. चौकीदार आधी घाबरला, मग त्यानं पाणी दिलं. बाई डबा मांडीवर घेऊन फाटकाबाहेरच्या कट्ट्यावर बसली होती.

सोमवारी अर्ज रीतसर दिला. दोनेक आठवड्यांनी ती नोटीस मागं घेतल्याचं कळलं. साहेबांनी तिला स्पष्ट सांगितलं, "जिंकलीस असं समजू नकोस. दुसरी येईल." मूळ कागद त्यांनी तिच्याकडून मागून घेतला आणि काचेखाली सरकवला.

दुसरी आली. चार महिन्यांनी, टाइप केलेली, कामाच्या दिवसाची तारीख घातलेली. त्यावर खसरा नंबर होता, घराच्या चतुःसीमा होत्या आणि वर तिचं पूर्ण नाव, नवऱ्याच्या नावासकट. ती कागद घेऊन आली तेव्हा मला वाटलं, रडेल. तिनं तो टेबलावर पसरला आणि नावावर बोट ठेवून मला पुन्हा वाचायला लावलं. मग म्हणाली की सुनावणीला जाऊच, पण याची आधी एक झेरॉक्स काढून द्या, डब्यात ठेवायला. सरकारनं घराच्या चतुःसीमांसकट तिचं नाव लिहिलेला तिच्याकडचा तो पहिला कागद होता.